आईच्या हुद्द्यावर

१९८८ सालच्या एप्रिल महिन्यात ‘कयामत से कयामत तक’ प्रदर्शित झाला, तेव्हा त्यातल्या नायिकेच्या आईचे वय होते अवघे २९ वर्षे. मुलगी झालेली जुही चावला २० वर्षांची. म्हणजे मायलेकींत साडेनऊ वर्षांचेही अंतर नव्हते. पुढच्या वर्षीच्या डिसेंबरात ‘मैने प्यार किया’ आला. तिथे मुलगा सलमान खान आणि अंतर साडेसात वर्षांचे. १९९३ च्या ‘गुमराह’मध्ये श्रीदेवी मुलगी, अंतर पाच वर्षांचे. आणि १९९९ च्या ‘वास्तव’मध्ये संजय दत्त मुलगा झाला, तेव्हा आई मुलापेक्षा तेरा महिन्यांनी मोठी होती! आकडे मांडून पाहणे ही माझी जुनी खोड. सारी उमेद बँकेच्या खातेवह्यांत गेली, ती खोड आता जायची कशी? पण एवढे आकडे मांडल्यावाचून रिमा लागू या अभिनेत्रीच्या कारकिर्दीकडे नीट पाहताच येत नाही, असे माझे मत आहे.

चित्रपटाच्या धंद्यात ‘सहायक अभिनेत्री’ असा एक हुद्दा असतो. हुद्दा हा शब्द मी मुद्दाम वापरतो आहे. नायिकेचा हुद्दा वयाबरोबर जातो; सहायक अभिनेत्रीचा हुद्दा वय नसतानाच अंगावर येतो. अमेरिकेत ऑस्कर पुरस्कार सुरू झाले १९२९ साली. सहायक नट-नटींची आठवण त्यांना झाली ती १९३७ च्या समारंभात, आणि पहिली काही वर्षे तर या मंडळींना सोनेरी बाहुलीही मिळत नसे, पाटी देऊन बोळवण होई. आपल्याकडे ‘फिल्मफेअर’ने त्या मानाने तातडी दाखवली. १९५५ साली सहायक अभिनेत्रीचा पहिला पुरस्कार मिळाला तो आपल्या उषा किरण यांना, ‘बादबान’ चित्रपटासाठी. रिमाताईंना याच पुरस्कारासाठी चार वेळा नामांकन मिळाले: ‘मैने प्यार किया’, ‘आशिकी’, ‘हम आपके हैं कौन’ आणि ‘वास्तव’. चारही वेळा बाहुली दुसऱ्या कुणाच्या घरी गेली. बँकेत आम्ही याला ‘बढतीच्या यादीत नाव, पण आदेश नाही’ असे म्हणत असू.

हिंदी पडद्यावरची आई बऱ्याच वेळा मराठी घरातून आलेली आहे, हे आपण विसरतो. ‘आवारा’तली लीला चिटणीस, ‘मुगल-ए-आझम’मधली दुर्गा खोटे, असंख्य चित्रपटांत डोळ्यांत पाणी आणि हातात आरतीचे तबक घेतलेल्या सुलोचनाबाई, आणि या सगळ्यांच्या पलीकडे, एका डोळ्याच्या नुसत्या तिरपेपणाने थिएटरातल्या सुनांना कापरे भरवणाऱ्या ललिता पवार. येवल्यात जन्मलेल्या ललिताबाई आधी नायिका होत्या. १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या एका थपडेने चेहऱ्यावर परिणाम झाला, नायिकेचे दिवस संपले, आणि त्यातून पुढची चाळीसएक वर्षे टिकलेली खाष्ट सासू उभी राहिली. १९५९ च्या ‘अनाडी’त त्याच चेहऱ्यातून त्यांनी मिसेस डिसा नावाची प्रेमळ घरमालकीण काढून दाखवली आणि ‘फिल्मफेअर’ मिळवले. १९८७ साली दूरदर्शनच्या ‘रामायणा’त मंथरा होऊन त्या पुन्हा घराघरांत पोचल्या. एक पिढी संपत होती आणि नेमक्या त्याच सुमारास रिमा लागूंनी आईची गादी चालवायला घेतली. फरक इतकाच, की आधीच्या बहुतेक जणी नायिकेच्या पायरीवरून उतरून आईपर्यंत आल्या होत्या. हिंदीच्या पडद्याने रिमाताईंना ती पायरी दिलीच नाही. विशी संपायच्या आत थेट आईच्या खुर्चीत नेमणूक!

त्यांचा जन्म २१ जून १९५८ चा, मुंबईचा. मूळ नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे या रंगभूमीवरच्या अभिनेत्री. ‘लेकुरे उदंड जाली’ या नाटकातल्या कामामुळे त्या काळच्या प्रेक्षकांना ठाऊक असलेले नाव. लहानपणी ‘बेबी नयन’ म्हणून मुलीनेही पडद्यावर कामे केली. शिक्षण पुण्याच्या हुजूरपागेत. नाटकाचे वेड आईकडून आले आणि शाळेने ते वाढू दिले, अशी ही साधी हकीकत. पुढे विवेक लागू या रंगकर्मीशी विवाह झाला आणि नयन भडभडेची रिमा लागू झाली.

आता माझ्या जिव्हाळ्याचा भाग. रिमा लागू बँकेत होत्या. युनियन बँक ऑफ इंडियात १९७९ पासून साधारण दहा वर्षे त्यांनी नोकरी केली. वाचकांतल्या तरुण मंडळींना यात काय विशेष, असे वाटेल. म्हणून थोडे सविस्तर सांगतो. १९ जुलै १९६९ रोजी चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले, त्यात युनियन बँकही होती. त्यानंतरच्या दशकात शाखा वाढल्या, नोकरभरती वाढली आणि मुंबईच्या बँकांत मध्यमवर्गीय मराठी मुला-मुलींचा एक मोठा तांडा शिरला. या मुलांना खेळ येत होते, गाणी येत होती, नाटक येत होते. बँकांनाही आपापले क्रिकेटचे संघ, कॅरमचे संघ आणि नाटकाचे संघ हवे होते. आंतरबँक नाट्यस्पर्धा ही तेव्हा सहज घ्यायची गोष्ट नव्हती. महिना-महिना आधी तालमी सुरू व्हायच्या. कॅश जुळली की माणूस टायची गाठ सैल करत तालमीला पळायचा. शिवाजी साटम हे सेंट्रल बँकेत रोखपाल होते, ते याच आंतरबँक स्पर्धांतून वर आले. अमोल पालेकर बँक ऑफ इंडियात होते. ‘वास्तव’मध्ये रघूचे आईवडील म्हणून रिमा लागू आणि शिवाजी साटम समोरासमोर बसतात, तेव्हा मला त्या चाळीतल्या खोलीत दोन राष्ट्रीयीकृत बँका बसलेल्या दिसतात. माझ्या हसण्याचे कारण घरच्यांना कळत नाही.

मी स्वतः १९८२ साली एका बँकेत कारकून म्हणून लागलो, शाखा फोर्टात. स्पर्धेत आमचेही एक नाटक असे, त्यात मी तिसऱ्या अंकात तार घेऊन येणारा पोस्टमन होतो. माझ्या नाट्यसेवेचा इतिहास एवढाच. पण विंगेत उभे राहून इतर बँकांची कामे पाहायला मिळत, आणि अमुक बँकेची अमुक बाई काय काम करते, याच्या चर्चा कँटीनमध्ये आठवडाभर चालत. रिमा लागूंचे नाव त्या चर्चांत तेव्हा आधीच स्थिरावलेले होते. कारण व्यावसायिक रंगभूमीवर त्या सिद्ध झाल्या होत्या.

जयवंत दळवींचे ‘पुरुष’ हे नाटक विजया मेहतांनी बसवले. त्यात नाना पाटेकर गुलाबराव हा माजलेला पुढारी आणि रिमा लागू अंबिका ही शिक्षिका. ज्यांनी ते पाहिले, त्यांना पुढे पडद्यावरची गोड आई पाहताना कसेसेच होत असणार. मला तरी होई. गुलाबरावाने अत्याचार केल्यावर मोडून न पडता आपला हिशेब आपल्या हाताने चुकता करणारी ती अंबिका. समोर नाना पाटेकरांसारखा नट, ज्याच्या नुसत्या उभे राहण्याने रंगमंच त्याच्याकडे कलतो. तो कलू न देणे, ही रिमा लागूंची त्या नाटकातली कामगिरी. आवाज न चढवता त्या तोल धरून राहत. मग आले शेखर ताम्हाणे यांचे ‘सविता दामोदर परांजपे’. एका साध्या सुखवस्तू गृहिणीच्या अंगात दुसरीच एक बाई नांदते आहे, अशी ती गोष्ट. भुताटकीचे नाटक म्हटले की आपल्याकडे केस मोकळे सोडणे आणि किंचाळणे आले. मी ते दादरच्या शिवाजी मंदिरात बाल्कनीच्या स्वस्त तिकिटावर पाहिले. चेहऱ्याचे बारकावे इतक्या लांबून दिसायचे कुठले? दिसत होते ते चालणे, मानेची ठेवण आणि ऐकू येत होता तो आवाज. एवढ्या भांडवलावर बाल्कनीतल्या शेवटच्या रांगेला कळत होते, की आता बोलते आहे ती कुसुम नाही. मध्यंतरात चहाच्या टपरीवर कुणी कुणाशी फारसे बोलत नव्हते, एवढे मला आठवते.

नाटक प्रयोगाबरोबर विरते. हे दुःख सगळ्याच नटांचे, पण सहायक अभिनेत्रीच्या बाबतीत ते जास्त बोचरे होते. कारण पुढच्या पिढीच्या हाती तिचा जो दस्तऐवज राहतो, तो तिच्या ताकदीच्या चौथाईचाही नसतो.

चित्रपटांत त्या आल्या जब्बार पटेलांच्या ‘सिंहासन’मधून, १९७९ साली. अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्या, तेंडुलकरांची पटकथा आणि मराठी रंगभूमीवरचे झाडून सगळे मातबर नट; त्या गर्दीत विशी नुकतीच ओलांडलेल्या या मुलीने अर्थमंत्र्याच्या सुनेची भूमिका केली. पुढे गोविंद निहलानींचा ‘आक्रोश’, श्याम बेनेगलांचा ‘कलयुग’. म्हणजे सुरुवात समांतर चित्रपटांची, चांगल्या दिग्दर्शकांची. १९८५ च्या ‘खानदान’ मालिकेतून त्या दूरदर्शनवर आल्या. आणि बँकेची नोकरी चालूच! सकाळी हजेरीपट, संध्याकाळी प्रयोग, सुटीच्या दिवशी चित्रीकरण. हे ज्यांनी केले नाही, त्यांना ती ओढाताण कळणार नाही. रजा मागायला गेल्यावर साहेब चष्म्यावरून कसा पाहतो, हे मात्र आम्हांला पक्के ठाऊक आहे.

मग ती नोकरी सुटली. इथे मी थोडा थांबतो, कारण माझ्या मते तिच्या कारकिर्दीतला खरा धाडसाचा क्षण हा आहे, आणि त्यावर कुणी फारसे लिहीत नाही. त्या काळी राष्ट्रीयीकृत बँकांत पेन्शन नव्हते. पेन्शनचे नियम आले १९९५ साली. पण दरमहाचा पगार, भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, स्वस्त व्याजाचे घरकर्ज आणि दवाखान्याची बिले, एवढे सगळे हातात असलेली खुर्ची सोडायची, तीही कशासाठी? नायिकेच्या कामांसाठी नव्हे. दुसऱ्यांच्या चित्रपटांत दुसऱ्यांची आई होण्यासाठी. तिथे किमान वेतनश्रेणी नाही, सेवाज्येष्ठता नाही, निवृत्तीचे वय नाही. बेचाळीस चित्रपट केले म्हणून त्रेचाळिसावा मिळेलच, असा कुठला करार नाही. माझ्या ओळखीत बँक सोडून पूर्ण वेळ नाटकात जाण्याच्या गोष्टी करणारे दहा जण होते. गेला एक. बाकीचे नऊ आम्ही निवृत्तीच्या समारंभात शाल घेऊन मोकळे झालो.

‘मैने प्यार किया’ इकडे आमच्या बावड्याला पोचायला जरा वेळ लागला. बावडा हे इंदापूर तालुक्यातले माझे गाव. इंदापूरहून अकलूजला जाणाऱ्या रस्त्यावर, नीरेच्या अलीकडे. तुकोबांची पालखी इंदापूरचा मुक्काम हलवून सराटीकडे निघाली की वाटेत आमच्याकडे विसावते. चित्रपट बघायचा तर अकलूज किंवा इंदापूर, नाहीतर जत्रेतला तंबू. तंबूत बायका एका बाजूला, पुरुष दुसऱ्या बाजूला. मी सुटीवर आलो होतो. मुलाला बाप घराबाहेर काढतो आणि आई मुकाट पाहते, त्या ठिकाणी बायकांच्या बाजूने नाके ओढल्याचा आवाज येऊ लागला. बाहेर पडताना आमच्या भावकीतल्या एक आजी म्हणाल्या, “किती गोड हाय ती बाई! पर नवऱ्याफुडं एक शबुद बोलंना.” मी म्हटले, “आजी, ती बाई बँकेत होती. आणि नाटकात ती एका पुढाऱ्याला चांगला धडा शिकवते.” आजींनी माझ्याकडे पाहिले आणि म्हणाल्या, “मग हितं का गप बसली?”

त्या आजींच्या प्रश्नाचे उत्तर मला आजवर देता आलेले नाही. त्यांनी एका वाक्यात जे विचारले, ते कुठल्या समीक्षकाने विचारल्याचे मला आठवत नाही. ज्या बाईच्या अंगात अंबिका होती, सविता होती, तिला हिंदी चित्रपटाने गप्प बसायला शिकवले. नीट नेसलेली साडी, कपाळावर टिकली, केसांत एखादे फूल, चेहऱ्यावर समजूतदार हसू. जुन्या आयांपेक्षा ही आई तरुण होती, देखणी होती; मुलाची मैत्रीण शोभावी अशी. निरूपा रॉय यांच्या आईचा खोकला, शिवणयंत्र आणि देवळाच्या पायऱ्या या आईने घराबाहेर ठेवल्या, हे खरेच. १९९० नंतरच्या मध्यमवर्गाला आपल्या दिवाणखान्यात जशी आई हवी होती, तशी ती होती. ‘हम आपके हैं कौन’, ‘रंगीला’, ‘यस बॉस’, ‘जुडवा’, ‘कुछ कुछ होता है’, ‘कल हो ना हो’, नावे घेत गेले तर हा लेख त्यातच संपेल. या सगळ्या भूमिका त्यांनी वाईट केल्या का? मुळीच नाही. उलट प्रत्येकीत एखादी जागा अशी सापडते, की जिथे लिहिलेल्यापेक्षा जास्त काहीतरी होऊन जाते. पण पेढ्याच्या दुकानात कितीही उत्तम कारागीर बसवला, तरी तो तिखट कुठून करणार?

‘हम साथ साथ हैं’ (१९९९) मध्ये मात्र त्यांना थोडे तिखट मिळाले. गोष्ट रामायणाच्या वळणाची. त्यात या कैकेयी. लेकीच्या संसाराची झालेली दैना पाहून घाबरतात, मैत्रिणींचे ऐकतात आणि धंद्याची वाटणी मागतात. थोरला सावत्र मुलगा घर सोडतो. सावत्र मुलगा झालेले मोहनीश बहल त्यांच्यापेक्षा तीन वर्षांनी लहान! शहरात या चित्रपटाची टिंगल झाली. आमच्याकडे झाली नाही. ऊसपट्ट्यातल्या गावात वाटणी हा टिंगलीचा विषय नसतो. पीककर्जाच्या फायली हाताळताना मी पाहिले आहे, सातबाऱ्यावर चार नावे असतात, विहीर एक असते आणि पाण्याच्या पाळीवरून भाऊ भावाशी बोलत नाहीत. हा चित्रपट पुढे केबलवर लागला तेव्हा आमच्या शेजारच्या काकू म्हणाल्या होत्या, “त्यांचं एका गाण्यात मिटलं. आमची केस बारा वरसं तहसिलीत हाय.” आणि वर त्यांचा शेरा असा, की ती आई वाईट नाही, घाबरलेली आहे. रिमाताईंनी ती भूमिका नेमकी तशीच केली होती. दुष्ट नव्हे, घाबरलेली. बावड्यातल्या काकूंपर्यंत ते बरोबर पोचले.

पण पडद्याने जे दिले नाही, ते त्यांना दूरचित्रवाणीने दिले, आणि तेही विनोदात. १९९४ साली ‘श्रीमान श्रीमती’ सुरू झाली. केशव कुलकर्णी (जतीन कनाकिया) हा शेजारच्या सिनेनटीवर लट्टू, आणि त्या नटीचा नवरा केशवच्या बायकोवर, कोकिळेवर लट्टू. राकेश बेदी, अर्चना पूरणसिंह आणि हे दोघे, असा चौकोन. शेजाऱ्याच्या बायकोकडे पाहणे हा तसा वाह्यात विषय. पण कोकिळा कुलकर्णी नावाची ही गृहिणी मध्यभागी अशी काही ठाम उभी असे, की मालिका घसरत नसे. जतीन कनाकिया १९९९ साली अकाली गेले. त्यांच्या आणि रिमाताईंच्या संवादातली लय पाहताना मला नेहमी वाटे, ही रंगभूमीवर मुरलेल्या माणसांची लय आहे. कॅमेऱ्याने ती फक्त टिपली. त्याच सुमारास सचिन यांनी दिग्दर्शित केलेली ‘तू तू मैं मैं’ आली. सासू रिमा लागू, सून सुप्रिया. सासू-सुनेचे भांडण हा आपल्या ओव्यांपासूनचा विषय, पण इथे दोघी बरोबरीच्या होत्या. कुणी कुणाला छळत नव्हते. दोघी एकमेकींना पुरून उरत होत्या. नवऱ्यापुढे एक शब्द न बोलणारी बाई इथे सगळ्यांची बोलती बंद करत होती. आजी तोवर राहिल्या नव्हत्या, नाहीतर त्यांना बोलावून दाखवले असते.

परदेशातले एक उदाहरण इथे आठवते. अँजेला लान्सबरी ही मोठी नटी. १९६२ च्या ‘द मंचुरियन कँडिडेट’मध्ये ती लॉरेन्स हार्वेची आई झाली, तेव्हा ‘मुला’पेक्षा जेमतेम तीन वर्षांनी मोठी होती. तिलाही ऑस्करचे सहायक अभिनेत्रीचे नामांकन तीनदा मिळाले आणि स्पर्धेतला पुरस्कार एकदाही मिळाला नाही. पण १९८४ साली, साठीच्या उंबरठ्यावर, दूरचित्रवाणीने तिला ‘मर्डर, शी रोट’ या मालिकेची नायिका केले, आणि ती मालिका बारा वर्षे चालली. आपल्याकडेही तसे व्हायला हरकत नव्हती. पण ३ जुलै २००० रोजी ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’ सुरू झाली आणि हवा बदलली. विनोदी सासू गेली. भरजरी साडीतली, ढोलांच्या आवाजावर तीन-तीनदा मान वळवणारी सासू आली. चाळिशीतल्या रिमा लागूंसाठी त्यांच्या जातीच्या मालिका कुणी लिहीनासे झाले. २०१३ मध्ये मराठीत ‘तुझं माझं जमेना’ आली, तेव्हा तो जुना सूर पुन्हा थोडा ऐकू आला.

आता ‘वास्तव’विषयी. महेश मांजरेकरांच्या या चित्रपटात चाळीतला, पावभाजीची गाडी लावणारा मुलगा खुनी होतो, टोळीत जातो, मोठा होतो, आणि शेवटी भीतीने व नशेने वेडापिसा झालेल्या त्या मुलाला आई स्वतःच्या हाताने गोळी घालून सोडवते. १९८८ पासूनचे सगळे गोड हसू त्या एका गोळीत संपते. तिथे प्रथमच हिंदी पडद्याला ती अंबिका दिसली, जी आम्ही बाल्कनीतल्यांनी कधीच पाहिली होती.

या प्रसंगाला एक पूर्वज आहे. १९५७ च्या ‘मदर इंडिया’त नर्गिस आपल्या मुलाला, बिरजूला, गोळी घालते. बिरजू म्हणजे सुनील दत्त. दोघांचाही जन्म जून १९२९ चा. आई मुलापेक्षा पाच दिवसांनी मोठी! पुढल्याच वर्षी त्या मायलेकांनी, म्हणजे नर्गिस आणि सुनील दत्त यांनी, लग्न केले आणि त्यांचा मुलगा संजय दत्त. म्हणजे ज्याच्या खऱ्या आईने पडद्यावर त्याच्या खऱ्या बापाला मुलगा म्हणून गोळी घातली, त्याला बेचाळीस वर्षांनी पडद्यावरच्या आईने गोळी घातली. कादंबरीत हे लिहिले असते तर संपादकाने ‘योगायोग फार होतात’ म्हणून परत पाठवले असते. पण ‘मदर इंडिया’ची आई बंदूक उचलते ती गावाच्या अब्रूसाठी, तिच्यामागे सगळा देश उभा केलेला आहे. ‘वास्तव’मधल्या शांताच्या मागे कुणी नाही. ती मुलाला मारते, कारण त्याचे हाल तिला बघवत नाहीत. त्यासाठी नर्गिसला नायिकेचा मान होता, नावाची पाटी सर्वांत वर होती. रिमा लागू त्या चित्रपटातही सहायकच होत्या. नामांकन मिळाले, बाहुली नाही.

मराठी चित्रपटांनी त्यांना अधूनमधून सन्मानाने बोलावले. चंद्रकांत कुलकर्णींचा ‘बिनधास्त’ (१९९९), गजेंद्र अहिरेंचा ‘अनुमती’ (२०१३), आणि २०१६ मधला गिरीश कुलकर्णींचा ‘जाऊ द्या ना बाळासाहेब’. यातला शेवटचा आमच्या भागातल्या लोकांना फार भिडला, कारण गाव, पुढाऱ्याचा वाडा आणि वाड्यातला ऐदी मुलगा या गोष्टी आम्हांला चित्रपटगृहात जाऊन पाहाव्या लागत नाहीत. तरीही जाऊन पाहिल्या.

२०१६ च्या सप्टेंबरात ‘नामकरण’ ही मालिका सुरू झाली. त्यात त्या दयावंती मेहता, करारी, हट्टी, प्रसंगी क्रूर अशी घरातली थोरली बाई. त्यांची कन्या मृण्मयी तोवर रंगभूमीवर आणि चित्रपटात आपल्या पायांवर उभी राहिली होती. तिने सहलेखन केलेला ‘थप्पड’ २०२० साली आला. त्यात नवऱ्याची एक थप्पड गिळायला नकार देणारी बायको आहे. तो पाहताना मला पुन्हा आजींचा प्रश्न आठवला.

१७ मे २०१७ रोजी संध्याकाळपर्यंत रिमा लागू ‘नामकरण’चे चित्रीकरण करत होत्या. त्या रात्री छातीत दुखू लागले म्हणून त्यांना अंधेरीच्या रुग्णालयात नेले आणि १८ मे च्या पहाटे हृदयक्रिया बंद पडून त्यांचे निधन झाले. वय ५८. बँकेत राहिल्या असत्या तर निवृत्तीला आणखी एक वर्ष होते. मालिका थांबली नाही. दयावंतीची भूमिका रागिणी शाह यांच्याकडे गेली आणि मालिका २०१८ च्या मे महिन्यापर्यंत चालली. त्याच वर्षी ऑगस्टच्या अखेरीस ‘सविता दामोदर परांजपे’वर चित्रपट आला, मुख्य भूमिकेत होत्या तृप्ती तोरडमल. इंदापुरात तो लागला की नाही, मला आठवत नाही. मी पुण्याला जाऊन पाहिला, दुपारच्या खेळाला. माझ्या पुढच्या रांगेत सत्तरीच्या दोन बायका होत्या. मध्यंतरात त्यांतली एक दुसरीला, हाताने मानेचा एक विशिष्ट झोक दाखवत, रिमा ते कसे करायची ते समजावून सांगत होती.